‘आरटीए’ (रोड ट्रॅफिक अ‍ॅक्सिडेंट) एवढंच लिहिलं की पादचारी हरवतो: रस्ते अपघातातल्या जखमांचं कोडिंग

समजा, अमेरिकेतल्या एका हॉस्पिटलच्या इमर्जन्सी विभागात डॉक्टरांनी अशी नोंद केली आहे: “४६ वर्षांचा पुरुष. सकाळी फिरायला निघालेला, रहिवासी भागातल्या रस्त्यावर पायी चालताना कारची धडक. चार-पाच मिनिटं बेशुद्ध. निदान: कन्कशन (मेंदूला बसलेला हादरा). उजव्या टिबियाच्या (नडगीच्या हाडाच्या) मधल्या भागाचे तुकडे, हाड जागेवरून सरकलेलं, कातडी फाटलेली नाही. त्याच नडगीवर खरचटलेलं. डोक्यावर तीन सेंटिमीटरची चीर, आत काही अडकलेलं नाही.” काही तासांत हा चार्ट पुण्यात किंवा नवी मुंबईत बसलेल्या कोडरच्या स्क्रीनवर उघडतो. डॉक्टरांची नोंद ठरावीक कोडमध्ये बदलणं हे कोडरचं काम. या नोंदीतून त्याला सात कोड काढायचे असतात.

उत्तर आधीच देऊन ठेवतो: एस८२.२५१ए, एस०६.०एक्स१ए, एस०१.०१एक्सए, व्ही०३.१०एक्सए, वाय९२.४१४, वाय९३.०१, वाय९९.८. (कोडमधली अक्षरं सॉफ्टवेअरमध्ये रोमन लिपीतच भरायची असतात, इथे ती उच्चाराप्रमाणे लिहिली आहेत.) पहिले तीन कोड सांगतात की शरीराला काय झालं. उरलेले चार सांगतात की ते कशामुळे झालं, कुठे झालं, माणूस तेव्हा काय करत होता आणि तो कामावर होता का. नवीन कोडर पहिल्या गटावर मेहनत घेतात आणि दुसरा गट घाईत उरकतात. चुका मात्र दुसऱ्या गटातच जास्त होतात, म्हणून इथे भर त्यावरच आहे.

अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून आयसीडी-१०-सीएम, म्हणजे आजार आणि जखमांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाची अमेरिकी आवृत्ती, वापरात आहे. भारतातल्या हॉस्पिटलांचे मेडिकल रेकॉर्ड विभाग जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० वापरतात. दोन्हींचा सांगाडा एकच आहे. अमेरिकी आवृत्तीत कोड सात अक्षरांपर्यंत लांबतो, मूळ आवृत्तीत तो साधारणपणे चार अक्षरांवर थांबतो. आधी लांब आवृत्ती बघू, कारण ती समजली की छोटी आपोआप समजते.

पादचारी कोणाला म्हणायचं?

व्ही०१ ते व्ही०९ हा गट पादचाऱ्यांचा. व्याख्या नकारात्मक आहे: अपघाताच्या क्षणी जो कुठल्याही वाहनात, वाहनावर, सायकलवर किंवा जनावरावर बसलेला नव्हता, तो पादचारी. त्यामुळे चालणाऱ्याबरोबर आणखीही बरेच जण या गटात येतात. रस्त्याच्या कडेला टायर बदलणारा ड्रायव्हर पादचारी आहे. बंद पडलेल्या गाडीचं बॉनेट उघडून उभा असलेलाही पादचारीच. सायकल हातात धरून चालणारा, बाबागाडी ढकलणारी आई, व्हीलचेअरवरची व्यक्ती, स्केटबोर्डवरचा मुलगा, हातगाडी ढकलणारा, सगळे पादचारी.

उलट, बसमधून उतरताना पाय घसरून पडलेला माणूस पादचारी नाही, त्याचे पाय जमिनीला टेकले असले तरी. चढण्या-उतरण्याच्या अपघातासाठी प्रत्येक वाहनाच्या गटात वेगळा अंक राखून ठेवला आहे. धडक न होता बसमधून उतरताना पडलेल्यासाठी तो व्ही७८.४ असतो. उतरून, चार पावलं चालून मग मागून येणाऱ्या गाडीनं उडवलं असेल, तर मात्र तो पादचारी. फरक त्या चार पावलांचा आहे आणि नोंदीत ती सापडायला हवीत.

धडक कशाची?

तिसरं अक्षर समोरच्या वाहनावरून ठरतं. सायकल असेल तर व्ही०१. दुचाकी किंवा तीनचाकी मोटारवाहन व्ही०२, म्हणजे मोटरसायकल, स्कूटर आणि आपली रिक्षा इथे. कार, पिकअप, व्हॅन आणि एसयूव्ही व्ही०३. ट्रक आणि बस व्ही०४. रेल्वे व्ही०५. बैलगाडी, टांगा, ट्राम किंवा कोणी स्वार असलेलं जनावर व्ही०६. वाहन मोटारीचं होतं पण कोणतं ते कळलंच नाही, तर व्ही०९. धडक देऊन पळून गेलेल्या गाडीचं हेच होतं. रस्त्यावर अज्ञात मोटारवाहनाची धडक बसली तर कोड व्ही०९.२०एक्सए. पण पळून गेलेली गाडी पांढरी कार होती एवढं जरी नोंदीत असलं तरी कोड व्ही०३चाच होतो. चालक सापडला की नाही याचा कोडशी संबंध नाही.

भारतातून अमेरिकी चार्ट कोड करणाऱ्यांसाठी इथे एक हमखास सापळा आहे. तिथल्या नोंदींत ‘ऑटो व्हर्सेस पेड’ असा शब्दप्रयोग सर्रास दिसतो. त्यातला ऑटो म्हणजे कार आणि पेड म्हणजे पादचारी. आपल्या कानाला ऑटो म्हटलं की रिक्षा दिसते आणि हात व्ही०२कडे वळतो. तिथे व्ही०३च हवा. दुसरा नेहमीचा शब्द ‘एमव्हीसी’, म्हणजे मोटारवाहनाची टक्कर. त्यात माणूस गाडीत होता की रस्त्यावर हे सांगितलेलंच नसतं. अशा वेळी थेट व्ही८९.२एक्सएक्सए लावून पुढे जाऊ नका. अ‍ॅम्ब्युलन्सचा कागद, ट्रायाजमधल्या (रुग्ण आल्याबरोबर होणाऱ्या पहिल्या तपासणीतल्या) नर्सची नोंद आणि डॉक्टरांची हकिगत हे तिन्ही वाचा. ‘बंपर गुडघ्याला लागला’, ‘बॉनेटवर आदळला’, ‘क्रॉसवॉकवर’ अशा शब्दांवरून माणूस पायी होता हे उघड होतं. तिन्ही कागद एकमेकांशी जुळत नसतील तर डॉक्टरांना क्वेरी पाठवायची आणि तिची भाषा तटस्थ ठेवायची. ‘रुग्ण पादचारी होता ना?’ असं विचारणं चूक. ‘अपघाताच्या वेळी रुग्णाची भूमिका काय होती, कृपया नोंदवा’ हे बरोबर.

रस्त्यावर की रस्त्याबाहेर

चौथा अंक छोटा दिसतो, पण सगळ्यात जास्त गोंधळ इथेच होतो. शून्य म्हणजे सार्वजनिक रस्त्याबाहेरचा अपघात, एक म्हणजे सार्वजनिक रस्त्यावरचा, नऊ म्हणजे ठरवता न येणारा.

सार्वजनिक रस्ता म्हणजे नुसता डांबरी पट्टा नव्हे. एका बाजूच्या मालमत्तेच्या हद्दीपासून दुसऱ्या बाजूच्या हद्दीपर्यंत, हक्कानं किंवा वहिवाटीनं लोकांना ये-जा करायला खुली असलेली सगळी जमीन रस्त्यात मोजली जाते. म्हणून फुटपाथवर चढलेल्या कारनं उडवलं तर तो रस्त्यावरचाच अपघात, व्ही०३.१. अपघात रस्त्यावर सुरू झाला किंवा रस्त्यावर संपला तरीही तेच. मॉलच्या पार्किंगमध्ये किंवा घराच्या खासगी ड्राइव्हवेमध्ये मागे येणाऱ्या गाडीखाली आलेलं मूल मात्र व्ही०३.०मध्ये जातं. ड्राइव्हवेतले अपघात बहुतेक लहान मुलांचे असतात आणि ते कसे टाळायचे हा प्रश्नच वेगळा आहे. हा अंक चुकला की अशी मुलं रस्त्यावरच्या अपघातांच्या आकड्यात मिसळून जातात.

नऊ लावण्याची वेळ क्वचितच यावी. जागा लिहिलेली नसेल तर वाहनाचा अपघात सार्वजनिक रस्त्यावरच झाला असं धरायचं, असा नियमच आहे. अपवाद फक्त रस्त्याबाहेर चालणाऱ्या खास वाहनांचा. तरीही जागा दिसली नाही की व्ही०३.९० लावायची सवय अनेकांना लागते आणि ऑडिटमध्ये तीच चूक पुन्हा पुन्हा निघते.

पाचवा अंक माणूस कसा चालला होता ते सांगतो. शून्य पायी, एक रोलर स्केटवर, दोन स्केटबोर्डवर, नऊ इतर साधनासह. व्हीलचेअर आणि बाबागाडी या नऊमध्ये. उभं राहून चालवायच्या इलेक्ट्रिक स्कूटरसाठी ऑक्टोबर २०२० पासून तीन हा अंक आला आणि तिथे सहावा अंकही भरावा लागतो: कारची धडक बसली तर व्ही०३.१३१ए. पायी चालणाऱ्याच्या कोडमध्ये सहावी जागा रिकामी राहते, म्हणून तिथे एक्स भरायचा. हा एक्स विसरला तर सातवं अक्षर सहाव्या जागी सरकतं आणि कोड अवैध म्हणून क्लेम, म्हणजे विमा कंपनीकडे पाठवलेलं बिल, परत येतो.

कोड शोधताना सुरुवात बाह्य कारणांच्या, म्हणजे दुखापत कशामुळे झाली त्याच्या, इंडेक्सपासून करायची: अपघात, वाहतूक, पादचारी, पायी, टक्कर, कार, रस्त्यावर. तिथे मिळालेला कोड टॅब्युलर लिस्टमध्ये (कोडच्या क्रमवार यादीत) उघडून, गटाच्या वर लिहिलेल्या टिपा वाचूनच पक्का करायचा. कोड दरवर्षी १ ऑक्टोबरला बदलतात, १ एप्रिललाही थोडे येतात. आज कोणती यादी चालू आहे याला महत्त्व नाही, उपचार ज्या तारखेला झाले त्या तारखेची यादी लागते.

सातवं अक्षर: ‘ए’ म्हणजे पहिली भेट नव्हे

‘ए’ला नाव ‘इनिशियल एन्काउंटर’ आहे आणि नावामुळेच घोटाळा होतो. सक्रिय उपचार चालू आहेत तोवर ‘ए’. दहाव्या दिवशी दुसऱ्याच हॉस्पिटलमधल्या नव्या सर्जननं नडगीत रॉड घातला, तरी ‘ए’च. उपचार संपून हाड भरून येण्याची वाट बघणं सुरू झालं, प्लास्टर बदललं, एक्स-रे काढला, की ‘डी’. जुन्या दुखापतीमुळे कायमचा परिणाम राहिला आणि आता उपचार त्या परिणामावर चालू आहेत, तर ‘एस’.

फ्रॅक्चरच्या कोडला याहून जास्त अक्षरं असतात. उघडं (कातडी फाटलेलं) फ्रॅक्चर पहिल्या किंवा दुसऱ्या प्रकारचं असेल तर ‘बी’, तिसऱ्या प्रकारचं असेल तर ‘सी’. बंद फ्रॅक्चरचं हाड उशिरा जुळत असेल तर ‘जी’, जुळलंच नाही तर ‘के’, वाकडं जुळलं तर ‘पी’. व्ही कोडला मात्र फक्त ए, डी आणि एस. त्यामुळे हाड न जुळलेल्या रुग्णाच्या पुढच्या भेटीत एस८२.२५१के आणि व्ही०३.१०एक्सडी ही जोडी दिसते. दोन्हीकडे तेच अक्षर हवं असं समजून व्ही०३.१०एक्सके करू नका, असा कोडच अस्तित्वात नाही.

दुखापत कितीही महिने चालली तरी व्ही कोड प्रत्येक भेटीत लागतो. जागेचा वाय९२, कृतीचा वाय९३ आणि स्थितीचा वाय९९ हे मात्र फक्त पहिल्या उपचाराच्या वेळी, एकदाच. माहितीच नसेल तर ‘अनिर्दिष्ट’चा कोड भरून जागा अडवायची नाही, तो कोड सोडून द्यायचा. आपल्या उदाहरणात रहिवासी भागातला रस्ता म्हणून वाय९२.४१४, चालणं म्हणून वाय९३.०१, आणि कामावर नसून फिरायला निघालेला म्हणून वाय९९.८. फुटपाथवर घडलं असतं तर वाय९२.४८०, पार्किंगमध्ये वाय९२.४८१. मोबाइलवर मेसेज टाइप करत चालला होता अशी स्पष्ट नोंद असती तर वाय९३.सी२चा विचार करता आला असता. कृतीचा कोड एकच घ्यायचा असतो, हे लक्षात ठेवून.

जखमांचे कोड

आधी सगळ्यात गंभीर जखम. गंभीर कोणती हे डॉक्टरांच्या नोंदीवरून आणि उपचाराचा रोख कशावर आहे यावरून ठरतं. त्याच जागी मोठी जखम असेल तर तिथल्या खरचटण्याला किंवा मुक्या माराला कोड नाही. नडगीवरचं खरचटणं आपण म्हणूनच सोडलं. तेच कोपरावर असतं तर घ्यावं लागलं असतं. डोक्यावरची चीर कन्कशनबरोबर घ्यायची, कारण ती उघडी जखम आहे.

फ्रॅक्चर उघडं की बंद हे लिहिलेलं नसेल तर बंद धरायचं. सरकलेलं की न सरकलेलं हे नसेल तर सरकलेलं धरायचं. कन्कशनमध्ये शुद्ध हरपली का आणि किती वेळ, यावर सहावा अंक ठरतो: ० म्हणजे हरपली नाही, १ म्हणजे ३० मिनिटं किंवा कमी, ९ म्हणजे किती वेळ ते माहीत नाही. ‘बेशुद्ध होता’ एवढ्या वाक्यावरून कन्कशनचा कोड मात्र लावता येत नाही, निदान डॉक्टरांनी लिहिलेलं हवं.

बाह्य कारणाचा कोड कधीही पहिल्या क्रमांकावर येत नाही. हेतूबाबतही नियम सरळ आहे: काही लिहिलेलं नसेल तर अपघात समजायचा. कोणी मुद्दाम अंगावर गाडी घातली अशी नोंद असेल तर व्ही कोड सोडून वाय०३.०एक्सएक्सए. स्वतःहून गाडीसमोर झोकून दिलं असेल तर एक्स८१. ‘हेतू ठरवता येत नाही’ असं डॉक्टरांनी स्वतः लिहिलं असेल तरच अनिश्चित हेतूचा गट उघडायचा. कोडरला शंका आली म्हणून तो वापरता येत नाही.

पैशाशी संबंध कुठे येतो

बाह्य कारणाचे कोड देशभर सक्तीचे नाहीत. काही राज्यं आणि काही विमा कंपन्या ते मागतात. तरी ते नीट भरावेत, कारण फ्रॅक्चरचा कोड एकटा गेला की आरोग्य विमा कंपनी पहिला प्रश्न विचारते: हे बिल दुसऱ्या कोणी द्यायला हवं होतं का? न्यूयॉर्कसारख्या राज्यात पादचाऱ्याच्या उपचाराचा खर्च आधी धडक देणाऱ्या गाडीच्या विम्यातून होतो. पायी पार्सल पोहोचवणारा कर्मचारी असेल तर वाय९९.० आणि कामगार भरपाईचा विमा. उत्तर मिळेपर्यंत क्लेम अडकून पडतो आणि बिल रुग्णाच्या घरी जातं. डॉक्टरांच्या क्लेम फॉर्मवर दहाव्या चौकटीत ‘वाहन अपघात’ आणि राज्य नोंदवायचं असतं. तिथे ‘नाही’ आणि खाली व्ही०३ अशी विसंगती राहिली तरी क्लेम थांबतो. हॉस्पिटलच्या कागदी फॉर्मवर ७२व्या चौकटीत बाह्य कारणासाठी तीनच जागा आहेत. चार कोड असतील तर मुख्य दुखापतीशी सगळ्यात जवळचा, म्हणजे व्ही कोड, आधी भरा.

आपल्याकडचं चित्र

भारतात व्ही कोड चार अक्षरी: व्ही०२.१ म्हणजे रस्त्यावर दुचाकी किंवा रिक्षाची धडक, व्ही०३.१ कारची, व्ही०४.१ ट्रकची किंवा एसटीची. जागेचा वेगळा अंक इथे नाही, तो पडणं, भाजणं अशा इतर कारणांच्या कोडना लागतो. मालवाहू टेम्पो छोटा की जड हे वजनावर ठरतं. साधारण ३,५०० किलोच्या वर आणि वेगळा परवाना लागणारा तो जड, म्हणून व्ही०४. छोटा हत्तीसारखी गाडी व्ही०३मध्ये. मोकाट जनावरानं धडक दिली तर ती वाहतूक नव्हेच, तिथे डब्ल्यू५५.

मुंबईच्या लोकलच्या केसमध्ये ‘रेल्वे अपघात’ या दोन शब्दांत निदान तीन वेगळ्या घटना लपतात. रूळ ओलांडताना गाडीनं उडवलेला पादचारी व्ही०५मध्ये. दरवाज्यातून बाहेर पडलेला प्रवासी व्ही८१.६. चढता-उतरताना फलाट आणि डब्याच्या मध्ये सापडलेला व्ही८१.४. पहिल्यासाठी पादचारी पूल आणि कुंपण हवं, दुसऱ्यासाठी गर्दी कमी करायला हवी आणि बंद होणारे दरवाजे हवेत, तिसऱ्यासाठी फलाटाची उंची वाढवायला हवी. केस पेपरवर नेमकं लिहिलं नाही तर या तिघांची बेरीज एकच होते आणि कोणासाठी काय करायचं ते कळत नाही.

केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या आकडेवारीनुसार २०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसं गेली, त्यांत ३२,८२५ पादचारी होते. हे आकडे पोलिसांच्या नोंदींतून येतात. पोलिसांपर्यंत न गेलेला जखमी त्यांत नाही. त्याचा माग फक्त हॉस्पिटलच्या कागदांत राहतो आणि तिथे कॅज्युअल्टीत बहुतेकदा तीन अक्षरं लिहिलेली असतात: आरटीए. या तीन अक्षरांचा कोड व्ही८९.२, रस्त्यावरच्या अनिर्दिष्ट मोटारवाहन अपघातात जखमी झालेली व्यक्ती. दुचाकीवरचा, कारमधला आणि पायी चालणारा, तिघेही त्यात एकत्र. रेकॉर्ड विभागातला माणूस कितीही हुशार असला तरी कागदावर नसलेला पादचारी त्याला शोधून काढता येत नाही.

लिहिणाऱ्याला लागतात फार तर पंधरा शब्द: माणूस पायी होता का, धडक कोणत्या वाहनाची, रस्त्यावर की आवारात, कामावर होता का. एमएलसी (मेडिको-लीगल केस) रजिस्टरमध्ये हे असतंच, पण ते रजिस्टर पोलिसांसाठी असतं आणि केस पेपरवर त्यातलं काही उतरत नाही. तीच ओळ डिस्चार्ज समरीतही उतरवली तर काम भागतं.

मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्रात, म्हणजे नमुना ४ मध्ये, हे आणखी कळीचं ठरतं. दुखापतीनं झालेल्या मृत्यूचं मूळ कारण म्हणून जखम धरत नाहीत, जखम ज्यामुळे झाली ती घटना धरतात. वरच्या ओळीत ‘हृदयक्रिया बंद’ आणि खाली ‘डोक्याला मार’ एवढंच असेल, तर मूळ कारण एक्स५९ मध्ये जातं: अनिर्दिष्ट घटकाशी संपर्क. त्या कोडमध्ये रस्ता नाही, वाहन नाही, माणूस चालत होता हेही नाही. फॉर्मवर ‘दुखापत कशी झाली’ असा प्रश्न छापलेला असतो आणि तोच बऱ्याचदा रिकामा राहतो.

तोच फॉर्म असा भरता येतो. भाग एक, ओळ अ: मेंदूवर दाब. ओळ आ: मार लागल्यामुळे मेंदूच्या आवरणाखाली रक्तस्राव. ओळ इ: पायी रस्ता ओलांडताना ट्रकची धडक. मृत्यूचा प्रकार: अपघात. मूळ कारणाचा कोड व्ही०४.१, सोबत जखमेचा एस०६.५.